राखेच्या महिन्याचा काळोख

झाशीत घर करून एकतीस वर्षं झाली, पण महिना कधी संपतो यावर माझं इथल्या कुणाशीच पटलेलं नाही. आम्हा मराठी माणसांचा महिना अमावास्येला संपतो, इथल्यांचा पौर्णिमेला. त्यामुळे शुक्ल पक्षात सगळं गुण्यागोविंदानं चालतं, आणि चंद्र उतरायला लागला की त्याच पंधरवड्याला आम्ही एका महिन्याचं नाव देतो, हे लोक पुढच्या महिन्याचं. सदर बाज़ारातल्या पूजासाहित्यवाल्याशी माझं यावरून दरवर्षी वाजतं. तो म्हणतो, "सूबेदार साहब, यहाँ तो यहीं का हिसाब चलेगा." मी म्हणतो, चलने दो. माझ्या घरात माझंच चालेल.

माझी मुलगी अहिल्या आठ वर्षांची असताना मी सीमेवर होतो. तेव्हा तिनं एक राज्य रचलं, निंबोरा नावाचं. तिथे उडणाऱ्या घोरपडी होत्या, एक लंगडी राणी होती आणि राज्याचं स्वतःचं कॅलेंडर होतं. चैत्र म्हणजे पिठाचा महिना, वैशाख मिठाचा, असे बारा. शेवटचा फाल्गुन, तो होळीवरून राखेचा. प्रत्येक महिन्याचे दोन भाग, उजेड आणि काळोख. आम्ही पत्रांवर निंबोऱ्याच्याच तारखा घालायचो. बंकरमध्ये बसून मी 'मिठाचा उजेड, नववा' असं लिहिलं की सोबतचे जवान हसायचे. हसू देत. तेवढ्यापुरता मी घरी असायचो.

चार वर्षांपूर्वी माझी बायको सुनीता गेली. नोकरीचे शेवटचे महिने होते, रजा मिळेपर्यंत तिसरा दिवस उजाडला. दारातच अहिल्या म्हणाली, "तुम्ही नेहमी सगळं झाल्यावरच येता." भरल्या घरात मी तिच्या थोबाडीत मारली. महिन्याभरात ती जिल्ह्यातल्याच टहरौली गावी शाळेत नोकरी धरून निघून गेली. मी तिचा नंबर ब्लॉक केला. हा पराक्रम मी नातेवाइकांना अभिमानानं सांगतही असे.

यंदा जानेवारीच्या अखेरीस तिचं पत्र आलं. "बाबा, गळ्यातली गाठ वाईट निघाली. सिविल लाइंसच्या हॉस्पिटलमध्ये ऑपरेशन आहे. स्वरयंत्र काढणार आहेत, नंतर बोलता येणार नाही. त्याच्याआधी एकदा तुमच्याशी बोलायचं आहे. ऑपरेशनची तारीख, राखेचा काळोख, पाचवा. याल ना?"

साधी तारीख असती तर मी पत्र पुरतं वाचलंही नसतं, हे ती ओळखून होती. मी लगेच मोजलं. फाल्गुन वद्य पंचमी, म्हणजे रंगपंचमी. होळी पेटल्यावरच राख होणार, यात विचारायचं काय? हातात चाळीस दिवस होते.

कुणीही शहाण्या बापानं त्याच दुपारी टहरौलीची बस धरली असती. मी म्हटलं, तारीख दिली आहे ना, मग तारखेच्या दोन दिवस आधी जाऊ. खरं सांगायचं तर तिनं अजून थोडी वाट पाहावी असं मला वाटत होतं. चार वर्षं मी पाहिली होती. रोज दाढी करताना आरशात बघून मी "चुकलो" म्हणायचा सराव करायचो, आणि शब्द पुरा व्हायच्या आत तोंड धुवून टाकायचो.

सहा मार्चला धुतलेला शर्ट घालून मी हॉस्पिटलमध्ये गेलो. काउंटरवरच्या मुलीनं नाव टाइप केलं. "अंकल, इनका ऑपरेशन तो छह फरवरी को हो गया. छुट्टी भी हो गई."

"गलत देख रही हैं आप. फिर से देखिए."

तिनं स्क्रीन माझ्याकडे वळवला.

बाहेरच्या बाकावर बसून मी बोटांवर मोजलं. सहा फेब्रुवारी. आमची माघ वद्य पंचमी, इथल्यांची फाल्गुनातली. अहिल्या झाशीत जन्मली, झाशीच्या शाळेत शिकली. तिच्या निंबोऱ्यात आधी काळोख यायचा, मग उजेड. तिचा राखेचा महिना होळी पेटली की संपायचा. सीमेवरची पत्रं कधीही पोचायची, म्हणून हा घोटाळा इतकी वर्षं कुणाला कळला नाही. आठ वर्षांच्या पोरीच्या राज्यात मी माझं कॅलेंडर घुसवलं होतं, तिला एकदाही न विचारता. पण कॅलेंडरवर तरी किती ढकलू? पत्र हातात पडलं तेव्हा ऑपरेशनला दहा दिवस होते. त्यातला कुठलाही दिवस चालला असता.

टहरौलीला तिच्या घरमालकीण राधाबाईंनी दार उघडलं आणि मला खालपासून वरपर्यंत पाहिलं. "अब आए? तीन दिना बिटिया अस्पताल के फाटक पै तुमाई बाट हेरत रई. कहत ती, बाबा टैम के पक्के हैं." तीन दिवस फाटकाशी वाट पाहिली होती तिनं माझी.

अहिल्या खाटेवर बसली होती. गळ्याला पाडलेल्या छिद्रावर जाळीचं फडकं, मांडीवर वही. ती फार वाळली होती. मला पाहून ती जरा सरकली आणि बसायला जागा केली.

"साधी तारीख लिहायला काय झालं होतं तुला?" चार वर्षांनंतरचं हे माझं पहिलं वाक्य. जीभ झडायला हवी होती माझी.

सवयीनं तिनं उत्तराला तोंड उघडलं. फडक्याखालून नुसता श्वासाचा आवाज आला. तिनं तोंड मिटून घेतलं.

तेव्हा मी "चुकलो" म्हणालो. एकदा सुटल्यावर तो शब्द थांबेना. तारखेबद्दल म्हणालो, थोबाडीत मारल्याबद्दल म्हणालो, सुनीताबद्दल म्हणालो. मला रडू आलं, मी ते आवरलं नाही. मग विचारलं, "तुला काय बोलायचं होतं? लिही ना, मी वाचतो."

तिनं पेनाचं टोपण काढलं. मग तिनं लिहिलं आणि वही माझ्याकडे फिरवली.

"ओरडायचं होतं तुमच्यावर. मोठ्यांदा, पोटभर. मग माफ करणार होते."

मी म्हटलं, मग लिहून ओरड, पानंच्या पानं लिही, हव्या तेवढ्या शिव्या घाल. तिनं नकारार्थी मान हलवली, पेनाला टोपण लावलं आणि वही उशीखाली सरकवली.