नमुना सतरा

रविवारी दुपारी पाणी प्यायला म्हणून मोजपट्टी स्वयंपाकघरात गेली आणि ओट्यावर आपली निळी वही उघडी पडलेली पाहून दारातच थबकली. पान एकशे चार. त्यावर संत्र्याच्या रसाचा ओला डाग. शेजारी रमची बाटली, मिक्सर, पिळलेली लिंबं, आणि या सगळ्या पसाऱ्यात बाह्या सरसावून शीळ घालणारा तिचा थोरला भाऊ.

तळपायाची आग मस्तकात जायला तिला एक सेकंद पुरला.

मोजपट्टी हे तिचं घरातलं नाव. फळांच्या रसाच्या कारखान्यात ती प्रयोगशाळेत होती. दर तासाला टाकीतला रस काढायचा, त्याचा आंबटपणा, गोडी आणि तापमान तपासायचं, लिहून ठेवायचं. ती खोड घरीही आली. चहाची पूडसुद्धा ती काट्यावर तोलून घालायची. नाव ठेवण्यात पुढाकार अर्थातच दादाचा. दादा सहा वर्षं एका हॉटेलच्या बारमध्ये पेयं बनवत होता. हात सफाईचा, बोलणं त्याहून सफाईचं. "हाताला कळतं," एवढंच त्याचं शास्त्र.

गेले चार महिने ती दर सुट्टीला एकाच पेयामागे हात धुऊन लागली होती. रम, अननस, संत्रं, लिंबू आणि वर दाट साय. फळं आधी लागावीत, रम मागून यावी आणि साय शेवटच्या घोटापर्यंत शहाण्यासारखी राहावी, एवढीच अट. चौथ्या नमुन्यात साय फाटली. नवव्यात दोन थर पडले. बारावा पहिल्या घोटाला अप्रतिम आणि दहा मिनिटांनी कडूजहर. सतरावा जमला आणि तासभर ठेवला तरी जमलेलाच राहिला. त्या दिवशी दादानं दोन ग्लास रिचवले, मिशीवरची साय पुसली आणि म्हणाला, "बरंय. पण नमुना सतरा हे काय नाव झालं? घरात एक नमुना आहे तेवढा पुरे की!"

"दादा, माझी वही?"

"हळू बोल! साहेब बाहेर बसलेत."

"कोण साहेब?"

"आमचे मॅनेजर. नव्या मेनूकार्डावर त्यांना एक खास पेय हवंय. ज्याचं पसंत पडेल तो बारचा प्रमुख. म्हटलं, घरीच या, निवांत चाखा."

"आणि त्यांना सांगितलंस ना, हे कुणाचं आहे ते?"

दादा मिक्सरचं झाकण बसवण्यात एकदम फार गढून गेला.

"सांगितलंस का?"

"घरात कसलं गं तुझं-माझं? सोनेरी बेट नाव ठेवलंय. कसं वाटतं?"

आयत्या बिळावर नागोबा निदान नवं नाव तरी ठेवत नाही, असं काहीतरी तिच्या ओठांवर आलं होतं. पण तेवढ्यात तिला अननसाची सालं दिसली. काळपट, मऊ, आणि वास असा की शिरक्याची बाटली फुटली असावी.

"हा असला अननस कुठून आणलास?"

"तूच लिहिलंयस की!" दादानं वहीवर बोट आपटलं. "अननस, कंसात मेलेला. पाच दुकानं पालथी घातली. सगळीकडे मेले ताजे! शेवटी एकानं फेकायला काढलेला दिला. याहून मेलेला अननस तुला जगात मिळायचा नाही."

ती त्याच्याकडे बघतच राहिली.

कारखान्यात "मेलेला" म्हणजे तापवलेला रस. कच्च्या अननसात एक एन्झाइम असतं. अननस खाल्ल्यावर जीभ चरचरते ती त्यामुळेच. ते प्रथिनांचे तुकडे करत सुटतं आणि सायीतल्या प्रथिनांचे तुकडे चवीला कडू असतात. रस ऐंशी अंशांवर दहा मिनिटं धरला की एन्झाइमचं काम संपतं. मग रस मेला, असं प्रयोगशाळेत सगळे म्हणायचे. जिवंत रस, मेलेला रस. ती वहीतही तेच लिहायची, कारण वही तिची होती आणि वाचणारीही तीच.

दादाचा अननस कुजायला आला होता, पण या हिशेबानं ठणठणीत जिवंत होता.

ती काही बोलायच्या आत तो ट्रे घेऊन बाहेर गेलासुद्धा. ती मागोमाग गेली आणि दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली. साहेब म्हणजे गोल चेहऱ्याचे, चष्मा कपाळावर चढवलेले गृहस्थ. त्यांनी घोट घेतला, डोळे मिटले.

"वा! हे कसं सुचलं हो तुम्हाला?"

"सहा महिने झटतोय, साहेब," दादा म्हणाला. "सगळी गंमत अननसात आहे. अगदी मेलेला घ्यायचा. बाकीच्यांना हे माहीतच नाही."

सहा महिने! चोरी करताना आकडासुद्धा त्याला धड चोरता आला नव्हता.

साहेबांचा फोन वाजला. "एक मिनिट हं," म्हणत ते ग्लास टेबलावर ठेवून गॅलरीत गेले. तिनं भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. चारला दहा कमी. मग दादाला मनगटाला धरून तिनं आत आणलं.

"ते आत यायच्या आधी त्यांना सांग, हे माझ्या बहिणीनं शोधलंय. तू ते सांग, मी तुला एक गोष्ट सांगते. तुला ती आत्ता लागणार आहे."

"आत्ता सांगू? माझी काय शोभा राहील?"

"आणि माझी?"

"तुझा काय संबंध गं? बाटल्या हुंगायची नोकरी तुझी. वहीत आकडे खरडले म्हणजे पेय होत नाही. ते हातानं होतं."

आई मघापासून मोरीपाशी भांडी पुसत होती. पाठ न वळवताच म्हणाली, "जाऊ दे ना. तुझं सगळं मार्गी लागलंय. त्याचं भलं होतंय तर होऊ दे. भाऊ आहे तुझा."

"म्हणूनच चोरी सोपी गेली, आई. परक्याला कुलूप तरी फोडावं लागलं असतं."

"चोरी काय म्हणतेस! केवढा तो शब्द!"

"मग तूच सांग लहान शब्द."

आईनं पुढचं भांडं पुसायला घेतलं. दादा केसांवरून हात फिरवून बाहेर निघून गेला.

आता गप्प राहायचं, एवढंच काम उरलं होतं, आणि तेच तिला सगळ्यात अवघड जात होतं. दादाची फजिती तिला बघायची होती. मनापासून बघायची होती, खोटं कशाला बोला. पण टेबलावर जे कडू होत होतं ते तिचं होतं. चार महिन्यांचं काम तिच्या डोळ्यांदेखत बिघडत होतं आणि ती घड्याळ बघत उभी होती. याचा तिला दादाच्या चोरीइतकाच राग आला.

चार वाजून तीन मिनिटांनी साहेब परत आले. मोठा घोट घेतला. कपाळावरचा चष्मा नाकावर आला.

"अहो, हे कडू झालंय!"

"कडू?" दादानं ग्लास हिसकावल्यासारखा घेतला, चाखला आणि त्याचा चेहरा पडला. "असं कसं... मी तर..." त्याची नजर खोलीभर फिरली आणि तिच्यावर येऊन थांबली. "साहेब, खरं सांगायचं तर कृती हिची आहे. माझी धाकटी बहीण. हिनं लिहिलंय तसंच केलं मी. हिच्याच वहीत काहीतरी चुकलं असणार."

चार महिने राबली तेव्हा नाही, "वा" आलं तेव्हा नाही. पेय कडू झाल्याबरोबर मात्र ते बहिणीचं झालं होतं! तिचा आवाज चढला नाही. उलट इतका खाली गेला की आई हातातलं भांडं ठेवून पुढं आली.

"साहेब, कृती माझीच आहे. त्यात चूक नाही. यानं ती न विचारता घेतली आणि न समजता केली. मला चाळीस मिनिटं द्या."

"द्यायला काय," साहेब म्हणाले. त्यांना आता पेयापेक्षा या घराचीच गंमत वाटायला लागली होती.

"मी मदतीला येतो," दादा म्हणाला.

"तू पाऊल टाकून बघ."

तिनं स्वयंपाकघराचं दार लावून आतून कडी घातली. फ्रिजमधला आपला अननस काढला. रस काढला, गाळला, पातेल्यात थर्मामीटर सोडला. दादा दारावर टकटक करत होता. "अगं, निदान काय करतेयस ते तरी सांग!" ऐंशी अंश. तिनं गॅस बारीक केला आणि दहा मिनिटं थर्मामीटरवरून डोळे हलवले नाहीत. रम दोनदा मोजली. मग रस बर्फात गार केला, बाकीचं घातलं, सगळ्यात शेवटी साय.

बाहेर नेऊन तिनं ग्लास साहेबांपुढं ठेवला आणि त्यावर तळहात धरला.

"अजून नाही. पंधरा मिनिटं थांबायचं."

साहेब शाळेतल्या मुलासारखे हात मांडीवर घेऊन बसले. पंधरा मिनिटं झाल्यावर ते प्याले. मग पुन्हा प्याले. दादानं रिकामा ग्लास पाहिला आणि खिडकीकडे तोंड फिरवलं.

"परवा छापायला द्यायचंय," साहेब उठताना म्हणाले. "कृती लेखी हवी. ज्याची असेल त्याचं नाव वर." त्यांनी दोघांकडे आळीपाळीनं पाहिलं. "आणि ते बारच्या प्रमुखाचं मी नंतर बघतो."

दार लागलं. आई म्हणाली, "झालं ना मनासारखं? आता तरी चेहरा सरळ कर." दादा टेबलाशी आला. हात पुढं केला, मागं घेतला.

"सांग ना आता, मेलेला म्हणजे काय ते. मी लिहून देतो साहेबांना. बार तर मलाच सांभाळायचाय. तू काय रोज येणार आहेस का तिथं?"

"बस," ती म्हणाली. तिनं कोरा कागद ठेवला, त्यावर पेन. "पहिली ओळ मी सांगते. ही कृती माझ्या बहिणीची आहे."

"हे कशाला? नाव घालतो की वर."

"लिही. नाहीतर साहेबांना परवा कोरा कागद दे."

दादानं लिहिलं. पेन इतकं दाबलं की कागदाला भोक पडलं. ती त्याच्या खांद्यावरून वाकली आणि वाचत राहिली. तिच्या कानशिलाची शीर अजून उडत होती.

"बहिणीचीमधला हि ऱ्हस्व," ती म्हणाली. "दुसरा कागद घे."