डुकराचे चार सारखे भाग

टोंगाच्या राजधानीतून, नुकुआलोफाच्या शिक्षण कार्यालयातून आलेल्या लोसालिनेबाई मागच्या बाकावर बसल्या होत्या. माझी नोकरी कायम करायची की नाही, हे त्या या एका तासात ठरवणार होत्या. आणि मोठ्यांचा मान राखायला इथे कमरेला गुंडाळतात ती चटई माझ्या कमरेवरून सकाळपासून सुटायचं बघत होती.

प्रत्येक मुलापुढे एकावर एक दोन पेले. कळलं तर हिरवा वर ठेवायचा, नाही कळलं तर लाल. बाईंच्या फॉर्मवर हिरवे मोजायचा रकानाच होता. मी फळ्यावर भाजलेलं डुक्कर काढलं, त्याचे चार सारखे भाग केले, एका भागाला पाव म्हटलं.

"ठेवा पेले."

एकवीस हिरवे. एक लाल, मालाकाईचा.

एकवीसवर मी खूश होतो. तेवढ्यात शेजारच्या सेलाइनेनं त्याच्याकडे पाहिलं आणि आपला पेला बदलला. मग तिच्या मागच्यानं. मिनिटभरात सगळा वर्ग लाल.

"सेलाइने, तुला कळलंय ना?"

"कळलंय की, सर."

"मग लाल कशाला?"

"तो एकटा पडेल ना. आत्तेभाऊ आहे माझा."

"आणि बाकीच्यांचं काय?"

"त्यांचाही आहे, सर."

बाईंनी काहीतरी लिहिलं. शून्य लिहायला लागतो तेवढाच वेळ लागला.

मी मालाकाईपाशी गेलो. "काय नाही कळलं?"

"जेवायला पाद्रीबाबा आहेत का, सर?"

"नाहीत."

"मग गावचे सरदार?"

"कुणी नाही. नुसती चार माणसं."

"त्यांत मोठं कोण?"

"असेल कुणीतरी."

"मग सारखे भाग कसे होतील?"

"बरोबर बोलतोय तो," मागून बाई म्हणाल्या, आणि कुठूनसे दोन पेले घेऊन आपल्यापुढे लाल वर ठेवला.

घंटेला चार मिनिटं होती. मी चटई आवळली, डुक्कर पुसलं आणि शाळेचं अंगण काढलं. "हे चौघांनी झाडायचंय."

"चार सारखे भाग," मालाकाई लगेच म्हणाला. "एक वीतही जास्त झाडणार नाही मी." त्याचा पेला हिरवा झाला. मग सेलाइनेचा, मग उरलेल्या सगळ्या भावंडांचा.

बाईंचा लालच. "त्या चौघांत मी असले तर?"

मालाकाईनं विचारही केला नाही. "मग तीन भाग, बाई."

बाईंनी पेला बदलला. नोकरी कायम झाली. कारणाच्या रकान्यात एकच शब्द आहे: अंगण.