बुडापेस्टची भिंत

आदिलाबाद जिल्ह्यातल्या मुधोळच्या शाळेत चित्रकला शिकवणाऱ्या देवकाबाईंची चित्रं शहाऐंशी साली बुडापेस्टच्या प्रदर्शनात लागली आणि बाईंनाही तिकडं जायला मिळालं. तिथल्या एका चित्रकर्तीनं त्यांच्या हातात छोटा कॅमेरा दिला. म्हणाली, तुला दिसेल ते टिप.

बाईंनी चौदा मिनिटांची मुकी फिल्म आणली. तीत ना राजवाडा, ना नदीवरचे नावाजलेले पूल. ट्राम हाकणारी बाई होती, ओले जिने होते, आणि सलग तीन मिनिटं एक भिंत. गोळ्यांनी चाळणी झालेली. एक म्हातारी झाडता झाडता थांबते, भोकात बोट घालते आणि सरळ कॅमेऱ्याकडं बघते.

आदिलाबादेत जाहीर खेळ ठरला. मंचेरियलच्या लक्ष्मणरावांनी प्रोजेक्टर आणला. परदेशी पाठवायच्या चित्रकारांची यादी करणारे हैदराबादचे साहेब आधी फिल्म तपासायला बसले आणि भिंत येताच उठले.

"मॅडम, ये दीवार काट डालो. लोगां फॉरेन देखने आते."

"नै काटती साब."

"तो खेल नै होता."

लक्ष्मणराव कानाशी लागले. "बाई, तीन मिनिटांसाठी काऊन भांडून राह्यल्या? पुढच्या साली पुन्हा जायचं हाय न तुमाले?"

"हाय. पण त्या भिंतीसमोर मी उभी होती, लक्ष्मणराव. साहेब नव्हते."

त्यांनी रीळ पिशवीत टाकलं आणि मुधोळची बस धरली.

आठवड्यानं शाळेच्या पटांगणात दिवेलागणीला पांढरी चादर बांधली. लक्ष्मणराव कुरकुरत का होईना, आले. ट्रामवाल्या बाईला टाळ्या पडल्या. मग भिंत आली. मिनिटभरानं मागून कोणी ओरडलं, "निस्ती भितच का? सरकवा पुढं!" दोघंचौघं उठलेसुद्धा. लक्ष्मणरावांनी बाईंकडं पाहिलं. बाईंनी मान हलवली. नाही.

"ते भोकं कायचे?" पुढं बसलेल्या सत्तरीच्या जयवंताबाईंनी विचारलं.

"गोळ्यांचे."

"आमच्या दारालेबी होते. रझाकाराच्या सालातले. मामंजीनं लिपून टाकले. राहू द्या म्हटलं तं माह्यावरच वरडले." मग त्या मागं वळल्या. "बसा रे खाली! पाहू द्या."

पुढच्या यादीतून देवकाबाईंचं नाव गळालं. त्यांना ते बरेच दिवस सललं. नार्नूरहून फिल्मसाठी बोलावणं आलं, तेव्हा मात्र त्यांनी आधीच चिठ्ठी धाडली: चौदा मिनिटं आहेत. एक सेकंदही कमी होणार नाही. पटत असेल तर चादर बांधून ठेवा.