दूध तुटल्यावरचं अपील

मारेगावच्या विश्रामगृहाच्या व्हरांड्यात टेबल मांडून दौऱ्यावर आलेले प्रांतसाहेब अपिलं ऐकत होते आणि बसंतीबाईचा सगळा जीव एका प्रश्नात अडकला होता. अपील करायला इतका उशीर काहून झाला, हे साहेब विचारणार होते. उत्तर पटलं नाही तर ओढ्याकाठचं शेत कायमचं गेलं.

ते शेत सरकारनं तिच्या नवऱ्याला, नेमसिंगला, पट्ट्यानं दिलेलं. दोघांनी मिळून त्यातली पळसाची खुंटं उपटली, दगड वेचून बांध रचला. मग नेमसिंगला पान लागलं, म्हणजे साप चावला, आणि तो गेला. लखीराम तेव्हा पोटात होता. त्या साली शेत पडीक राहिलं, तर बंजारा तांड्यातलाच चुलतदीर फुलसिंग तहसिलीत अर्ज घेऊन गेला, पडीक जमीन मले द्या म्हणून. तहसीलदारानं नेमसिंगचा पट्टा रद्द करून ती त्याला दिलीसुद्धा. निकालाचा कागद कोतवालानं दूर गावातल्या चावडीला चिकटवला आणि हात झटकले.

तिच्या बाजूच्या बापूजी वकिलांनी तिला वाटेतच पढवलं होतं. कागद तांड्यावर आलाच नाही, मला ठाऊकच नव्हतं, एवढं म्हण. उशीर माफ होतो. पहिली गोष्ट खरी होती. दुसरी नव्हती.

खांबाला टेकून फुलसिंगची बायको सुखीबाई बसली होती. बसंती तिच्याकडे बघत नव्हती, पण तिचं सगळं लक्ष तिकडेच होतं. मधूनच ती मांडीवरच्या लखीरामाच्या कपाळाला हात लावून बघे. ताप नव्हता, तरी पुन्हा बघे.

फुलसिंगचे वकील उभे राहिले. वर्षभर बाई गप्प होत्या, शेतात पांढरा कापूस फुटलेला दिसला तेव्हा त्यांना पट्टा आठवला, असं ते म्हणाले. मागं कोणीतरी हसलं.

तेवढ्यात लखीराम मांडीवरून सुटला. दुडूदुडू खांबापर्यंत गेला, "याडी" म्हणाला आणि सुखीबाईच्या कुशीत शिरला. याडी म्हणजे आई. पोर दोघींनाही तेच म्हणे. सुखीबाईनं एकदा नवऱ्याकडे पाहिलं आणि ओढणी पोराच्या डोक्यावर घेतली.

"उशीर का झाला, बाई?" साहेबांनी विचारलं. "निकाल लागल्याचं ठाऊक नव्हतं का?"

बसंती उठून उभी राहिली. 

"ठाऊक होतं, साहेब."

बापूजी जोरात खाकरले. तिनं तिकडे पाहिलं नाही.

"बाळंतपणात मले ताप भरला, दूध आटलं. ह्या पोराले त्या सुखीबाईनं पाजलं. निकालाचं तिनंच मले सांगतलं, हा अंगावर पीत असताना. मंग मी दिवसा तिच्या घरावर अपील लावू आन् सांजच्याले पोरगं घेऊन तिच्याच दारी जाऊ काय? पोरगं भाकर खायले लागलं, दूध तुटलं, तवा मी आली."

समोरचे वकील लगेच म्हणाले, बाई स्वतःच कबूल करतात, आता ऐकायचं काय राहिलं? साहेबांनी त्यांना हातानं थांबवलं आणि सुखीबाईला विचारलं, हे खरं का?

फुलसिंग बायकोकडे एकटक बघत राहिला. एक नाही म्हटलं की शेत त्याचं होतं.

"होय जी," सुखीबाई म्हणाली. "एकीकडे माही पोरगी प्यायची, एकीकडे हा." फुलसिंग त्यांच्या बंजारा गोरबोलीत काही पुटपुटला, तर ती त्याच्यावरच उलटली, "पाजलं ते पाजलं नाही म्हणू?"

साहेब बराच वेळ लिहीत राहिले. उशिराचं कारण मला पुरेसं वाटतं, ते म्हणाले. अपील दाखल. शेत कोणाचं ते पुढच्या मुक्कामी साक्षी घेऊन ठरेल.

बाहेर आल्यावर बापूजींनी टोपी काढून घाम पुसला. "बाई, पुढच्या तारखेला काय बोलणार ते मला आधी सांगत जा. माझं वय झालं आता."

पोराला कडेवर घेऊन बसंती पायीच निघाली. मान ताठ होती. नेमसिंग गेल्यापासून ती अशी चालली नव्हती. मागून फुलसिंगची गाडी आली.

"बस," सुखीबाई वरून म्हणाली. "पोराले ऊन लागन. आन् आधीच सांगून ठेवते, शेत आम्ही सोडणार नाही."

"मी बी नाही," बसंती म्हणाली आणि गाडीत चढली.

फुलसिंग बैल हाकत होता. ओढ्याशी शेत आलं तसं त्यानं तोंड फिरवलं. बसंतीनं लखीरामाला मांडीवर उभं केलं आणि बांधाकडे बोट दाखवलं.

"पाह्य, तुह्या बानं रचला."

सुखीबाईनं आपल्या ओढणीचं टोक पोराच्या डोक्यावर ओढलं.