माझ्या काठातली सुई

मित्रांनो, मी एक जुना तपकिरी पडदा आहे. तपकिरी अशासाठी, की आमच्या पूर्व जर्मनीत लाल कापड घोषणांसाठी राखून ठेवत, आणि घोषणांची टंचाई तिथे कधीच पडली नाही. इतर पडद्यांना खिडकी मिळते, नशीब जोरावर असेल तर रंगमंच मिळतो. मला मतदानाच्या खोलीतला एक कोपरा मिळाला.

मला शिवलं हिल्ट्रूड वेंडलर नावाच्या शिंपिणीनं, हाल्डेनरोडा गावच्या सरकारी शिवणकेंद्रात. तिच्या कॉलरला दोरा ओवलेली एक सुई कायम टोचलेली असायची. माझा खालचा काठ दुमडताना ती म्हणाली, "मजा आहे बाबा तुझी. जन्मभर आराम." बाई थट्टा करत होती, पण शब्द खरा ठरला.

मतदान शाळेच्या व्यायामशाळेत व्हायचं. दारात नाव सांगायचं, कागद घ्यायचा. कागदावर सतरा नावं असत आणि निवडून सतराच जण द्यायचे असत, त्यामुळे मतदाराच्या डोक्याला ताप नसे. कागद दुमडून समोरच्या पेटीत टाकला की सुटका. ज्याला ही माणसं नकोत त्यानं सगळी नावं खोडायची, आणि त्यासाठी माझ्या आड यायची मुभा होती. कायद्यात तसं स्पष्ट लिहिलं होतं. फक्त मला टांगलं होतं थेट पलीकडच्या कोपऱ्यात, उड्या मारायच्या लाकडी घोड्याच्या मागे. टेबलापासून माझ्यापर्यंत चोवीस पावलं, आणि प्रत्येक पावलाला जमिनीची फळी करकरायची. टेबलाशी इर्मट्राउट बाई यादी घेऊन बसत. माझ्या दिशेनं कुणी वळला की त्याच्या नावापुढे एक टिंब काढायचं, एवढंच त्यांचं काम. पण पहिली बारा वर्षं त्यांना ते करावं लागलं नाही.

शाळेचे मुख्याध्यापक कुनो रेत्सलाफ हेच मतदानाचे अध्यक्ष. वरून पाहुणे आले की ते माझ्याकडे बोट करून सांगत, "गुप्त मतदानाची संपूर्ण सोय आहे आमच्याकडे!" माझी आयुष्यात झालेली स्तुती ती एवढीच.

मग चौऱ्याऐंशीचा मे महिना आला. हिल्ट्रूड आली आणि सोबत तिची लेक मारलिट. अठरा वर्षांची, पहिलंच मतदान. रेत्सलाफ साहेबांनी तिला रिवाजाप्रमाणे एक फूल दिलं.

"वैद्यकीय शिक्षणाचा तुझा अर्ज माझ्याच टेबलावर आहे हं, मारलिट. शिफारशीवर उद्या सही करतो."

"आज का नाही, सर?"

"आज मतदान आहे ना."

खोलीतले सगळे हसले. मारलिट हसली नाही. तिनं हातातल्या कागदाकडे पाहिलं, साहेबांकडे पाहिलं आणि माझ्या दिशेनं चालू लागली. फळ्या करकरल्या. इर्मट्राउट बाईंनी पेन्सिलला टोक आहे का ते पाहिलं.

"अगं ए, वेड लागलं का तुला?" हिल्ट्रूड ओरडली. "परत फीर!"

"वेंडलर बाई, लेक वाट चुकली वाटतं तुमची. पेटी इकडे आहे."

"चष्मा विसरलीय ती, साहेब."

"ती चष्मा लावते?"

"आजपासून लावेल."

तोवर मारलिट माझ्या आत आली होती. बारा वर्षांची धूळ तिच्या केसांवर पडली. आत एक फळी होती, फळीला एक दोरी होती आणि दोरीला पेन्सिल नव्हती.

"इथे पेन्सिल नाही!"

"कधी कुणी मागितलीच नाही बाळ," रेत्सलाफ म्हणाले.

"मी मागतेय."

"संपल्यात. खरेदी आता सप्टेंबरात."

मित्रांनो, ही शाळा होती. चारशे मुलं शिकत होती तिथे. पुन्हा हशा झाला, या वेळी आणखी मोठा. मी हिल्ट्रूडकडे पाहत होतो. आतापर्यंत तिचा सगळा राग लेकीवर होता. तो हशा ऐकला आणि तिची मान हळूच साहेबांकडे वळली. मग तीही चालू लागली.

"आता तुम्ही कुठे?"

"पडद्याची शिवण उसवलीय. माझ्या हातची आहे, लाज माझी जाते."

मित्रांनो, शपथेवर सांगतो, माझा एक टाकासुद्धा उसवलेला नव्हता. ती गुडघ्यांवर बसली, माझा काठ उचलला आणि कॉलरवरची सुई खालून आत सरकवली.

"नावांवरून टाके घाल," ती पुटपुटली. "शेवटी गाठ मार."

"आई, तुझी नोकरी..."

"गाठ मार म्हटलं ना!"

अकरा मिनिटं लागली. सतरा नावांवरून काळा दोरा फिरला, धावदोरा, थोडा वाकडा, पण एकही नाव सुटलं नाही. मारलिटनं सुई माझ्या काठात टोचून ठेवली, बाहेर येऊन कागद पेटीत टाकला आणि फूल इर्मट्राउट बाईंच्या यादीवर ठेवलं. दोन टिंबांच्या मधोमध.

संध्याकाळी मतमोजणी झाली. तो कागद हाती आला तसे रेत्सलाफ साहेबांनी गाठ कापली आणि दोरा शांतपणे ओढून काढला, माशाचा काटा काढावा तसा.

"भोकं राहिली, साहेब," इर्मट्राउट बाई म्हणाल्या.

"कसर लागलीय म्हणून लिहा."

"सरकारी कागदाला?"

"मग छापखान्याची चूक."

"छापखानाही सरकारीच."

"मग काहीच लिहू नका. होकारात टाका."

हाल्डेनरोडात त्या वर्षी शंभर टक्के मतदारांनी होकार दिला. मारलिटच्या अर्जावर सही झाली नाही. ती इस्पितळात गेली खरी, पण तिथल्या धुलाईघरात. हिल्ट्रूडला पडद्यांवरून काढून घोषणांच्या कापडावर बसवलं. ही शिक्षा की बढती, ते तिला कुणी सांगितलं नाही.

एकदा मीही त्या धुलाईघरात धुवायला गेलो. मारलिटच्या बोटाला काठातली सुई लागली. तिनं ती काढली, मला धुतलं, वाळवलं आणि सुई होती तिथेच परत टोचली. तिचे हात सोड्यानं सोलवटले होते.

सहा वर्षांनी सरकार गेलं. साहेब राहिले. छातीवरचा बिल्ला बदलून ते नव्या मतदानासाठी मला टांगायला आले. या वेळी मी टेबलाशेजारी होतो आणि माझ्यासमोर दारापर्यंत रांग होती. काठ सारखा करताना साहेब कळवळले.

"आई गं! ही सुई कुणी ठेवली इथे?"

"तुम्हीच, साहेब," रांगेतून हिल्ट्रूड म्हणाली. "पेन्सिल ठेवली असतीत तर लागली नसती."

या वेळी लोक हसले ते साहेबांना. साहेबही हसले, सवय होती. मारलिट मात्र आईच्या मागे उभी होती, चोवीस वर्षांची, आणि या वेळीही ती हसली नाही. तिची सहा वर्षं कुठल्याच पेटीत परत यायची नव्हती. आत आल्यावर तिनं दोरीला बांधलेली पेन्सिल दोनदा ओढून पाहिली.

मित्रांनो, पडद्याला कसर लागते ती घड्यांमध्ये. वापरात असलेला पडदा टिकतो. तुमच्या गावात माझ्यासारखा कुणी कोपऱ्यात टांगलेला असेल, तर त्याला शोभेसाठी ठेवू नका. ओढा, झटका, आत उभे राहा. आणि 'संपूर्ण सोय आहे' असं कुणी सांगितलं, तर आधी दोरीचं टोक बघा.

आता मी शाळेच्या अडगळीत आहे. काढाल तेव्हा काठाकडून धरताना जपून. सुई अजून तिथेच आहे.