बारा घड्या, तेरा खाचा

झरफशान नदीच्या पाटावर पाणी वाटायची नवी तुळई आडवी टाकली होती आणि तिन्ही आळ्यांची माणसं फावडी घेऊन उभी होती. नवा पाटकरी सैदमुरोद हातातल्या दोरीकडे बघत राहिला.

चूक त्याचीच. निवड झाल्या झाल्या तो आळीआळीत चहा पीत, नान मोडून शब्द देत फिरला होता. वरच्या आळीला अर्धं पाणी, मधलीला तिसरा हिस्सा, खालचीला चौथा. प्रत्येक आकडा ऐकायला माफक, पण तिन्ही एकत्र मांडून बघायचं काही त्याला सुचलं नाही. आणि नान मोडून दिलेला शब्द इथे कोणी मागे घेत नाही.

तिन्ही हिस्से एकाच मापात बसावेत म्हणून त्याने तुळईएवढ्या दोरीच्या बारा घड्या घातल्या. घडीमागे पाणी जायची एक खाच; वरच्यांना सहा, मधल्यांना चार, खालच्यांना तीन. कोळशाने खुणा करत तो पुढे सरकला. खालच्यांच्या दोनच खुणा झाल्या आणि तुळई संपली.

"आमची तिसरी कुठंय रे?" खालच्या आळीच्या ओयनिसो खालाने विचारलं. "चहाबरोबर प्यायलास काय?"

"बारीक बारीक तेरा पाड की," मधल्या आळीचा नझरी म्हणाला.

"मग आमचं अर्धं ते अर्धं राहील होय?" वरच्या आळीतल्या एकाने फावडं उचललं. खालचेही पुढे सरकले.

सैदमुरोदला एकच वाट दिसत होती, पण ती तोंडातून निघेना. वरच्या आळीत बागा सहाच, बागेमागे एक खाच. त्यांतली एक त्याच्या बापाची, समोरच फावडं घेऊन उभ्या हाशिमची. म्हाताऱ्याचे जर्दाळू अजून हिरवे होते.

"बाबा, चुकलं माझं."

"गावभर अर्धा-पाव वाटत फिरलास, तेव्हा बेरीज नाही केलीस?"

"नाही केली."

हाशिमने तुळईवरच्या कोळशाच्या खुणा बोटाने मोजल्या. "वर पाचच पाड. आमची खालच्यांना दे. वरच्यांची नान माझ्या ओसरीवर मोडलीस, शब्द माझ्याही गळ्यात आहे."

फावडी खाली आली. सैदमुरोदने लाकूड तासायचा वाकस उचलला आणि खाचा पाडल्या. ज्या बागेचं पाणी बंद, तिच्या चारीचं तोंड पाणी सुटायच्या आधी पाटकऱ्यानेच बुजवायचं असतं. बापाने आपलंच फावडं त्याच्या हातात दिलं. सैदमुरोद चिखल ओढू लागला तेव्हा त्याला समोरचं धड दिसत नव्हतं.

"नीट बुजव," हाशिम म्हणाला. "ओल आत आली तर लोक चोरी म्हणतील."