लुगड्याची शिकवणी

अंबूबाईच्या अंगावरून वारं गेलं आणि डावी बाजू लुळी पडली. शेजारपाजारचे म्हणाले, देवाची मर्जी. अंबूबाई काही ते ऐकायला तयार नव्हती. ती चिडली. नक्की कुणावर ते तिचं तिलाही ठाऊक नव्हतं, पण पिंपरीच्या दवाखान्यात मृदुलाबाईंनी तिच्यापुढे एक फळी आणून ठेवली आणि चिडायला तिला छान निमित्त मिळालं. फळीवर कापड ताणून बसवलेलं होतं, आणि त्यावर बटणं, हुक नि एक चेन.

हातपाय लुळे पडलेल्यांना रोजची कामं पुन्हा शिकवायची, हे मृदुलाबाईंचं काम. पोरगी चिंचवडची, इंजिनिअरची लेक, नुकतीच शिकून आलेली. "हे काढायचं आणि लावायचं, आजी," ती म्हणाली. "कपडे घालायची सवय व्हावी म्हणून."

"बाई, उभ्या जन्मात मी बटण लावलं न्हाई. ह्यो काय माझ्या मालकाचा सदरा हाय व्हय?"

पलीकडे रबरी चेंडू दाबत बसलेला एक कामगार फसकन हसला. मृदुलाबाईंचे कान लाल झाले. पण पोरगी सरळ मनाची. तिनं फळी उचलून बाजूला ठेवली आणि विचारलं, "मग तुम्हाला काय करायचंय, ते तरी सांगा."

"लुगडं नेसायचंय. माझं मला. आन् ते बी म्हैना सरायच्या आत."

आता ही घाई कसली, ते सांगायला हवं. अंबूबाईचं कुटुंब बार्शीकडचं. लेक ज्योतीराम भोसरीत ओतकामाच्या कारखान्यात कायम रात्रपाळीला, आणि सून सगुणा पिंपरीत एका औषधाच्या कंपनीत गोळ्यांची पाकिटं भरायला. ही अठ्ठ्याहत्तर सालची गोष्ट. सगुणा अजून टेंपरवारी होती. साहेबानं सांगितलं होतं, एक तारखेपासून पहाटेच्या शिफ्टला येणार असशील तर पर्मनंट करतो, नाहीतर राहू दे. शिफ्ट पहाटेची म्हणजे कंपनीची बस नाक्यावर उजाडायच्या आत. आणि सासूला लुगडं कोण नेसवणार? ज्योतीराम कारखान्यातून यायचा तो उन्हं वर आल्यावर, आणि आला तरी काय, लेकानं आईला लुगडं नेसवायचं? छे! नुसत्या विचारानंच दोघांच्या माना खाली जायच्या. शेजारणी चार दिवस आल्या असत्या, पाचव्या दिवशी कुरकुरल्या असत्या.

"नोकरी सोड म्हणतो मी तिला," ज्योतीराम एकदा म्हणाला.

अंबूबाईनं काठी अशी आपटली की जमिनीचे पोपडे उडाले. "खबरदार! माझ्या लुगड्यापायी ती घरात बसायची न्हाई. तिच्या हातचा पगार गेला म्हंजी तिची मान खाली गेली. मला ठावं हाय ते. मी उभा जलम खाली मान घालूनच काढलाय."

सगुणानं ते स्वैपाकघरातून ऐकलं आणि डोळ्यांना पदर लावला. सासूच्या तोंडाचा पट्टा तिनं भरपूर सोसला होता, पण असलं काही कधी ऐकलं नव्हतं.

तर मृदुलाबाईंनी लुगडं मनावर घेतलं. स्वतः नेसायच्या पाचवारी, नऊवारीचा गंध नाही. पण दुसऱ्या दिवशी त्यांनी कुठूनसं एक जुनं लुगडं पैदा केलं, दवाखान्यातल्या आयाबाईंकडून नेसायचं शिकून घेतलं, आणि मग स्वतःचा डावा हात पट्टीनं पोटाशी बांधून एका हातानं नेसायला लागल्या. पहिल्या झटक्यालाच लुगडं गळून पायात! अंबूबाई हसून हसून खोकली. आजारपणानंतर ती पहिल्यांदा हसत होती.

"हसू नका आजी, जमवायचंय आपल्याला," मृदुलाबाई म्हणाल्या, आणि दोघी कामाला लागल्या. सगळं नेसणं एकदम शिकायचं नाही, तुकडे पाडायचे. आज फक्त कमरेची गाठ. ती येईस्तोवर निऱ्यांचं नाव काढायचं नाही. भिंतीला पाठ टेकवून उभं राहायचं, म्हणजे तोलही जात नाही आणि मागचं कापड भिंतीशी दाबलेलं राहतं. एक टोक दातात. आणि तो मेला डावा हात? त्याची मूठ वळलेली ती उघडायची नाही. मृदुलाबाईंनी तिच्यात लुगड्याचा काठ खुपसला. मूठ गच्च धरून बसली!

"बघा, हा हात कामाचा आहे अजून," त्या म्हणाल्या.

अंबूबाई बघतच राहिली. इतके दिवस त्या हाताला ती शिव्याच देत होती. "बस तसाच धरून," ती हाताला म्हणाली.

गाठ जमली. मग निऱ्या, त्या तर दहादा सुटल्या. काष्टा मागे खोचताना ती दोनदा पडता पडता वाचली. चोळीची गाठ दातानं ओढून ओढून ओठ सोलवटले. पण एके दिवशी दवाखान्यात ती आपली आपण पूर्ण नेसून उभी राहिली, आणि बाकीच्या पेशंटांनी टाळ्या वाजवल्या.

घरी मात्र गाडं पुढे सरकेना. सकाळी सगुणाची धावपळ, त्यात सासूची ती धडपड बघवायची नाही. "द्या आत्याबाई, मी नेसवते," म्हणून ती पुढे व्हायची आणि चटकन नेसवून टाकायची. मायेनंच करायची हो, पण दवाखान्यात शिकलेलं घरात वाया जायचं. मृदुलाबाईंना हे कळलं तेव्हा त्यांनी सगुणाला बोलावून घेतलं. "तुम्ही हात लावलात की त्यांचा हात शिकायचा थांबतो. कितीही वेळ लागू दे, बघवत नसेल तर बघू नका."

सगुणा "हो" म्हणाली. पण ऐन घाईत हात जायचाच पुढे. बघता बघता एक तारीख उगवली.

त्या पहाटे अंबूबाईनं पाटावर बसून आपली आपण आंघोळ केली, लुगडं कसंबसं अंगाभोवती गुंडाळलं आणि आतल्या खोलीचं दार लावून कडी घातली.

"आत्याबाई, कडी काढा!" सगुणा बाहेरून दार वाजवायला लागली.

"तुझं आवर तू."

आत लुगडं मुठीत बसत नव्हतं. हात घामानं निसटत होता. कमरेची गाठ बांधली, सुटली. पुन्हा बांधली. निऱ्या घ्यायला गेली आणि सगळं खाली.

"बस येईल आता. झालं का?"

"होतंय!"

"नाहीतर मी नाही जात. कळवते त्यांना, नाही जमत म्हणून." सगुणाच्या आवाजात रडू होतं.

अंबूबाई भिंतीला टेकून उभी होती, लुगडं पायांत लोळत होतं, अंगावर काही म्हणजे काही नव्हतं. तिनं दम घेतला आणि अगदी शांतपणे सांगितलं, "अगं झालं नेसून. काष्टा बी खोचला. आता पदर तेवढा घेते. तू निघ."

"खरंच?"

"मी काय खोटं बोलती व्हय? पळ!"

बाहेरचं दार लागल्याचा आवाज आला, मग पळती पावलं. अंबूबाई कान लावून उभी राहिली. नाक्यावर बसचा भोंगा वाजला, बस निघाली, आणि तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. रडून झाल्यावर तिनं उजव्या हातानं नाक पुसलं आणि वाकून लुगड्याचं टोक उचललं.

ज्योतीराम आला तेव्हा आतली कडी तशीच होती. "आई? शेजारच्या चिमाबाईंना हाक मारू का?"

"मारलीस तर याद राख. बस तिथंच."

तो बसला. आत कापड सळसळायचं, धप्प आवाज व्हायचा, मग आई कुणाला तरी शिव्या द्यायची. तो दोनदा उठला, दोनदा बसला. उन्हं उंबऱ्यापर्यंत आली, आणि मग कधीतरी कडी निघाली.

दारात अंबूबाई उभी होती. काष्टा एका अंगाला ओढलेला, चोळीची गाठ तिरकी, कपाळ घामानं निथळत होतं. पण नेसलेली होती, वरपासून खालपर्यंत.

"आई," ज्योतीराम उठत म्हणाला, "कवाधरनं नेसतीयास गं?"

"तुला काय करायचंय? सगुणानं इचारलं तर सांगायचं, तू गेलीस तवाच आई नेसून बसली हुती."

"आन् उद्या?"

"उद्या तिची बस यायची थांबनार हाय का?" अंबूबाई म्हणाली. "सर बाजूला. च्या ठेवू दे."